बोर्डाने ‘नाही’ लिहिलं, आता कोर्टात काय मांडायचं?

वाचकांचे प्रश्न, वकिलाची उत्तरं

या वेळच्या टपालात मेडिकल बोर्डाच्या तक्रारीच जास्त आहेत. पहिल्या पत्राला मुद्दाम मोठी जागा देतोय. बेळगाव-खानापूर भागात गल्लीत एक तरी फौजी पेन्शनर असतोच, आणि थोड्याफार फरकाने हेच पत्र मला वर्षभर येत असतं.

प्रश्न : वकीलसाहेब, नमस्कार. मी खानापूर तालुक्यातला, जांबोटी भागातला. मार्च 1999 मध्ये पायदळात भरती झालो आणि 24 वर्षं पुरी करून 31 मार्च 2023 ला हवालदार म्हणून घरी आलो. भरतीला एकदम फिट होतो. काश्मीरमध्ये फील्ड केली, मग सिक्कीमला उंचावर. नोव्हेंबर 2013 मध्ये खाली उतरून पीस स्टेशनला, म्हणजे शांत भागातल्या छावणीत, आलो आणि फेब्रुवारी 2014 च्या वार्षिक मेडिकलमध्ये बीपी 160/104 निघालं. तेव्हापासून लो मेडिकल कॅटेगरी (पूर्ण फिट नाही असा शेरा) आणि रोजच्या गोळ्या. डोकं तर सिक्कीमलाच दुखायचं, पण एमआय रूममध्ये (युनिटच्या दवाखान्यात) एक गोळी देऊन परत पाठवायचे. सुटताना बोर्डाने 30 टक्के, आयुष्यभरासाठी, असं लिहिलं. खाली इंग्रजीत दोन ओळी आहेत, त्या मुलाने वाचून सांगितल्या: सुरुवात पीस स्टेशनला झाली, फील्डच्या ताणाशी निकटचा संबंध नाही, म्हणून आजार नोकरीमुळे झालेला नाही आणि नोकरीमुळे वाढलेलाही नाही. त्यावरून डिसॅबिलिटी पेन्शनचा दावा नामंजूर. सहा महिन्यांत अपील करा असं पत्रात होतं, ते मुलीच्या लग्नाच्या गडबडीत राहून गेलं. माझा मेव्हणा चंदगड तालुक्यातला. त्याने मुंबईला केस घातली, त्याला मिळालं. मी पण मुंबईलाच घालू का, की बेळगावच्या कोर्टात चालते? माझी शेवटची पोस्टिंग महाराष्ट्रातच होती. बेळगावातले एक मोठे हार्टचे डॉक्टर ‘हे नोकरीच्या ताणानेच झालं’ असा दाखला द्यायला तयार आहेत. आणि पुन्हा बोर्ड मागितला तर टक्के वाढतील का? (नाव छापू नये.)

उत्तर : मेजर, तो दाखला आधी बाजूला ठेवा. डॉक्टर मोठे असतील, मनाचेही चांगले असतील, पण त्यांनी तुम्हाला 2014 मध्ये तपासलेलं नाही. दाखला जोडलात की सरकारी वकील उठून म्हणणार, एका खासगी डॉक्टरचं मत एकीकडे आणि तज्ज्ञ बोर्डाचं मत दुसरीकडे, बोला. त्या लढाईत कोर्ट बहुतेक वेळा बोर्डाकडे झुकतं. 2019 मध्ये नरसिंह यादव यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जवानाच्या विरोधात निकाल दिला. आजार मानसिक होता, भरतीच्या तपासणीत तो दिसण्यासारखा नव्हता, आणि बोर्डाचं मत असंच उडवून लावता येणार नाही, असं न्यायालयाने धरलं. न्यायाधीश काही तुमच्या दंडाला पट्टा बांधून बीपी मोजायला बसत नाहीत. बोर्डाने ‘नाही’ म्हटलं ते कशावरून, आणि ते ‘कशावरून’ कागदावर उतरलंय का, एवढंच ते बघतात.

तुमची अख्खी केस त्या दोन ओळींत आहे. म्हणून त्या माझ्याबरोबर सावकाश वाचा.

‘सुरुवात पीस स्टेशनला.’ हे बोर्डाला कुठून कळलं? फेब्रुवारी 2014 च्या मेडिकलवरून. म्हणजे बीपी ज्या दिवशी सापडलं, त्याच दिवशी ते सुरू झालं असं बोर्डाने गृहीत धरलं. आता बीपी हा काही पायात काटा मोडल्यासारखा आजार नाही, की त्याच दिवशी कळावं. महिनोन्‌महिने तो अंगात असतो आणि माणूस ड्युटी करत राहतो. तुम्ही सिक्कीमहून खाली उतरल्याला तेव्हा जेमतेम तीन महिने झाले होते. तुम्ही सुटलात तेव्हा लष्कराच्या वैद्यकीय अधिकाऱ्यांसाठी 2008 ची मार्गदर्शिका लागू होती. तिच्या सहाव्या प्रकरणातला परिच्छेद 43 रक्तदाबाचा आहे. फील्ड, अति उंचीचा भाग किंवा बंडखोरीविरोधी मोहिमेत असताना रक्तदाब उद्भवला तर तो सेवेने वाढलेला मानावा, असं त्यात आहे. काही जणांत अशा भागांत लांब आणि वारंवार सेवा झाल्यानंतर आजार दिसून येतो, हेही तिथेच लिहिलंय. बोर्ड तुम्हाला नाही म्हणताना याच परिच्छेदाचा आधार घेतं, आणि तुमच्या कामाचं वाक्यही त्याच परिच्छेदात सापडतं. वकिलाला हे पान उघडून दाखवा. पुष्कळांना फक्त नंबर पाठ असतो.

‘फील्डच्या ताणाशी निकटचा संबंध नाही.’ कसा नाही? तुमच्या पोस्टिंगच्या तारखा बोर्डासमोर होत्या, त्यांवर एक अक्षर लिहिलंय का? घरात कुणाला बीपी होतं, वजन किती होतं, दारू-तंबाखूचं काय, असं काही कारण दिलंय का? तुमच्या पत्रावरून तरी तसं दिसत नाही. मग ते कारण होत नाही, तो नुसता निष्कर्ष झाला.

कायद्याचा टेकू इथे लागतो. 2 जुलै 2013 ला सर्वोच्च न्यायालयाने धर्मवीर सिंह यांच्या प्रकरणात निकाल दिला. सिग्नल कोअरमधला हा जवान फिट म्हणून भरती झाला, आकडीचा (फिट्सचा) आजार झाल्यावर 20 टक्के धरून घरी पाठवला गेला आणि ‘नोकरीशी संबंध नाही’ म्हणून पेन्शन नाकारली गेली. न्यायालय म्हणालं, भरतीच्या कागदात आजाराची नोंद नसेल तर जवान तेव्हा निरोगी होता असंच धरायचं. नंतर झालेला आजार सेवेमुळे नाही हे सिद्ध करायचं ओझं सरकारवर, जवानावर नाही. आणि भरतीला हा आजार सापडण्यासारखा नव्हता असं म्हणायचं असेल तर बोर्डाने त्याची कारणं लिहिली पाहिजेत. मे 2025 मध्ये राजुमोन टी. एम. यांच्या प्रकरणातही न्यायालयाने हेच पुन्हा बजावलं: कारणांशिवायचं बोर्डाचं मत टिकत नाही. तुमच्या अर्जाचा कणा हे दोन निकाल. यापलीकडे निकालांची जुडी बांधू नका. वीस निकाल जोडले की मुख्य दोन दिसेनासे होतात, आणि झेरॉक्सवाल्याचं तेवढं भलं होतं.

आता पुन्हा बोर्ड मागायचं. नको. अजिबात नको. 30 टक्के आणि आयुष्यभर, हे बोर्डाने स्वतः लिहून दिलंय, ते तुमच्या बाजूचं आहे. डिसॅबिलिटी पेन्शनसाठी किमान 20 टक्के लागतात, ते झालेले आहेत. नव्या बोर्डात हे 15 वर आले तर हातचं जाईल. तुमचं भांडण फक्त ‘नोकरीमुळे की नाही’ एवढ्यापुरतं ठेवा.

आणि टक्के वाढायची गरजही नाही. 10 डिसेंबर 2014 च्या राम अवतार निकालानंतर मुदत पुरी करून निवृत्त झालेल्यांनाही राउंडिंगचा फायदा मिळतो. 20 ते 50 मधलं प्रमाण 50 धरतात. शंभर टक्क्यांना शेवटच्या पगाराच्या 30 टक्के हा डिसॅबिलिटी एलिमेंट, म्हणजे अपंगत्वापोटीचा पेन्शनचा भाग, असतो. समजा हिशेबाचा पगार 50,000 आहे. 30 टक्क्यांनी महिना 4,500 झाले असते, 50 धरल्यावर 7,500 होतात, वर महागाई. सर्व्हिस पेन्शन आहे ती आहेच. अर्जात राउंडिंगची मागणी वेगळी, स्पष्ट शब्दांत लिहायला सांगा. मागितलं नाही ते देताना कोर्ट हात आखडतं.

अपील राहून गेलं म्हणून घाबरू नका, पण आणखी बसूनही राहू नका. उशिराचं कारण लिहून पहिलं अपील आजच स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोच जपून ठेवा. सशस्त्र दल न्यायाधिकरण (आपले लोक एएफटी म्हणतात ते) खात्यातले मार्ग वापरून झाले का, हे आधी विचारतं. अपिलावर सहा महिने उत्तर आलं नाही तर तुम्हाला दार उघडतं. पेन्शन दर महिन्याची असल्यामुळे दर महिन्याला अन्याय नव्याने होतो, असं 2008 च्या तरसेम सिंह निकालात म्हटलंय, त्यामुळे उशीर माफ होतो. पण त्याच निकालाची दुसरी बाजूही आहे: थकबाकी अर्ज दाखल केल्याच्या मागची तीन वर्षंच. तुम्हाला एप्रिल 2023 पासून देणं लागतं. तीन वर्षं उलटली की पुढच्या प्रत्येक महिन्यागणिक मागचा एक महिना बुडतो.

कुठे घालायची? बेळगावच्या दिवाणी कोर्टात नाही, आणि थेट उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठातही नाही. हे काम एएफटीचं. कर्नाटक कोचीच्या खंडपीठाखाली येतं, महाराष्ट्र मुंबईच्या. जांबोटीहून चंदगड तालुका तासाभरावर, पण तुमच्या मेव्हण्याची केस मुंबईला आणि तुमची केरळात. सीमाप्रश्नाचं हेही एक पान आहे, याच्यावर मोर्चा कुणी काढत नाही. मेव्हण्याचा पत्ता लावून मुंबईला अर्ज घालायचा सल्ला तुम्हाला कुणीतरी देईलच. तो ऐकू नका. आधार कार्ड, पेन्शनचे कागद, सगळीकडे खानापूर आहे, पहिल्याच तारखेला उघडं पडाल. मात्र तुमच्या पत्रातलं शेवटच्या पोस्टिंगचं वाक्य कामाचं आहे. निवृत्त माणसाला राहत्या ठिकाणच्या खंडपीठात जाण्याची सवलत आहे, सक्ती नाही. शेवटची पोस्टिंग जिथे होती किंवा कारण जिथे घडलं, त्या भागातल्या खंडपीठातही अर्ज करता येतो. तुमची शेवटची पोस्टिंग महाराष्ट्रात आहे. त्यामुळे तुम्ही मुंबईला रीतसर जाऊ शकता, ते मेव्हण्याच्या नावावर नव्हे, स्वतःच्या डिस्चार्ज बुकावर. पहिल्याच परिच्छेदात ती पोस्टिंग तारखांसह लिहायला लावा, म्हणजे रजिस्ट्री आक्षेप काढणार नाही.

कागदांत सगळ्यात आधी बोर्डाची पूर्ण कार्यवाही, म्हणजे एएफएमएसएफ-16. नुसतं शेवटचं पान नको, सगळी पानं. रेकॉर्ड ऑफिसकडे साधा अर्ज करा, नाही दिली तर माहिती अधिकारात मागा. भरतीच्या वेळचं मेडिकल त्याच अर्जात मागा. फिट होतो हे तुमच्या तोंडून नको, त्यांच्या कागदातून आलं पाहिजे. पोस्टिंगची तारीखवार यादी. आणि सिक्कीमच्या एमआय रूमची नोंद. ती बहुतेक मिळणार नाही, तरीही मागा. ‘उपलब्ध नाही’ असं त्यांच्या सहीचं उत्तर आलं तर तेही जोडता येतं: डोकेदुखीची तक्रार केली होती, नोंद सरकारकडेच राहायला हवी होती, तीच त्यांनी जपली नाही.

जिंकलात तरी पैसे लगेच येतील असं नाही. मार्च 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परशोतम दास प्रकरणात एएफटीच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात रिट चालते असं ठरवलं. ती वाट जवानाला मोकळी तशी सरकारलाही. तेव्हा अर्जातच व्याजही मागून ठेवा.

इतर माजी सैनिकांसाठी एक सूचना. 21 सप्टेंबर 2023 पासून नवे नियम आले आहेत. त्या दिवशी किंवा नंतर सुटलेल्यांनी वरचं उत्तर जसंच्या तसं स्वतःला लावू नये. त्यांनी वेगळं लिहावं.

प्रश्न : मी निपाणीची, विड्या वळते. माझी मुलगी 19 वर्षांची. लहानपणापासून डावा पाय अधू आहे आणि ऐकायलाही थोडं कमी येतं. सर्टिफिकेटात 36 टक्के लिहून दिले. 40 नाहीत म्हणून काहीच मिळत नाही. कोर्टात जायला पैसे नाहीत. चार टक्क्यांसाठी कोर्ट ऐकतं का?

उत्तर : ताई, चार टक्के वाढवून द्या असं सांगितलं तर कोर्ट ऐकणार नाही. पण सर्टिफिकेट हातात घ्या आणि एवढंच बघा: त्यात पायाबरोबर कानाचं काही लिहिलंय का? माझा अंदाज, 36 हे एकट्या पायाचे असावेत. दोन तऱ्हेचं अपंगत्व असलं की दोन्ही मोजून एकत्र करायचे असतात. नुसती बेरीज करत नाहीत, त्याचं सूत्र ठरलेलं आहे. 90 मधून मोठा आकडा वजा करा, आलेल्या आकड्याला लहान आकड्याने गुणा, 90 ने भागा आणि मोठ्या आकड्यात मिळवा. पायाचे 36 आणि कानाचे समजा 10 निघाले: 90 वजा 36 म्हणजे 54, गुणिले 10 म्हणजे 540, भागिले 90 म्हणजे 6. एकूण 42. कानाची तपासणीच झाली नसेल तर बोर्डाशी वाद घालायची गरज नाही. राहिलेलं मोजा, एवढं म्हणायचं. कानाचे किती निघतील ते तपासणीतच कळेल, आधीपासून आकडा मनात धरून बसू नका.

2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या कलम 59 प्रमाणे सर्टिफिकेटविरुद्ध अपील आहे. आधी ते करा, त्यात कानाची तपासणी करून एकत्रित टक्केवारी द्या, अशी एकच मागणी. अर्ज कोणत्या भाषेत द्यायचा, असं तुमच्यासारख्या बायका हमखास विचारतात. घटनेच्या कलम 350 प्रमाणे तुम्ही मराठीत देऊ शकता, आणि कुणी परत करत असेल तर तसं लिहून द्या म्हणावं. पण काम अडत असेल तर सोबत कन्नड प्रत लावून मोकळ्या व्हा. हक्काचं भांडण आम्ही पुरुष मंडळी चौकात बसून करतोच आहोत, मुलीचं सर्टिफिकेट त्यासाठी थांबवू नका.

अपिलातही ऐकलं नाही तर धारवाडला उच्च न्यायालयात रिट. ऑक्टोबर 2024 मध्ये ओंकार गोंड प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एमबीबीएसच्या प्रवेशाबाबत सांगितलं, की नुसता टक्क्याचा आकडा बघून कुणाला बाद करता येत नाही. बोर्डाने त्या मुलाला काय जमतं आणि काय नाही ते लिहिलं पाहिजे, आणि बोर्डाच्या नकाराला कोर्टात आव्हान देता येतं. कोर्ट दुसऱ्या नामांकित वैद्यकीय संस्थेकडून मत मागवू शकतं. तुमचा प्रश्न प्रवेशाचा नाही, पण फेरतपासणी मागायला त्याचा आधार होतो. पैशाचं म्हणाल, तर बाईला उत्पन्नाची अट न लावता सरकारी खर्चाने वकील मिळतो. कोर्टाच्या आवारात तालुका विधी सेवा समिती असते, तिथे जाऊन नाव नोंदवा.

प्रश्न : मी येळ्ळूरचा सुतार. हायवेवर ट्रकने ठोकरलं, उजवं मनगट वाकत नाही. डॉक्टरांनी साक्षीत हाताला 30 टक्के सांगितले. अपघात दावा न्यायाधिकरणाने सगळ्या शरीराला 10 धरून नुकसानभरपाई दिली. डॉक्टरांचे 30 तसेच मिळायला नकोत का?

उत्तर : नाही, आणि त्या 30 च्या मागे लागू नका. हाताचा टक्का आणि शरीराचा टक्का वेगळा, हे न्यायाधिकरणाचं बरोबरच आहे. चुकलंय ते पुढे. 2010 च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की शरीराचा टक्का काढून थांबायचं नाही, माणसाची कमाई किती बुडाली ते बघायचं. त्यात उदाहरणच सुताराचं आहे: डावा हात तुटला तर ड्रायव्हर किंवा सुताराची कमाई जवळजवळ शंभर टक्के जाते, सरकारी कारकुनाची नोकरी कदाचित टिकूनही राहते.

तुमच्या साक्षीत काय काय आलंय? रंधा धरता येत नाही, पटाशीवर ठोका बसत नाही, असं कुणी विचारलं का? हाताखालच्या गड्याची, ज्यांच्याकडे काम करायचात त्यांची साक्ष झाली का? नसेल तर अपिलात जास्तीचा पुरावा घ्या, असा वेगळा अर्ज करावा लागेल आणि तो तेव्हाच का दिला नाही याचं कारणही द्यावं लागेल. झाली असेल तर काम सोपं आहे. अपील धारवाड खंडपीठात, निकालाच्या तारखेपासून 90 दिवसांत. पत्रावर निकालाची तारीख घातलेली नाही, ती आजच बघा.